क्लासच्या पाट्या आणि तुटकी शिरोरेषा

तर झालं असं, की गेल्या महिन्यात दोन दिवस सोलापूरला गेलो होतो. काम काही नव्हतं. शेंगाची चटणी, कडक भाकरी आणि दुपारची झोप एवढाच कार्यक्रम होता. पण ज्याच्या बायोडेटावर 'सॉफ्टवेअर' हा शब्द असतो त्याला नातेवाइकांकडे सुट्टी मिळत नाही. प्रिंटर, मोबाइल, वायफाय, सगळं आपल्याच खात्यात. यावेळी वेबसाइट निघाली.

मावसभावाचं चादरी-टॉवेलचं दुकान आहे. (नाव लिहीत नाही. फुकट जाहिरात होईल आणि दादा कमिशन देणारा माणूस नाही.) त्याने कुठल्याशा कंपनीकडून नवी साइट करून घेतलीय. मराठी, कन्नड, तेलुगू आणि इंग्रजी अशा चार भाषांत. सोलापूरकराला याचं नवल वाटणार नाही. आमच्याकडे एका गल्लीत तीन भाषा सहज ऐकू येतात आणि गिऱ्हाईक विजयपूर, कलबुर्गीपासून हैदराबादपर्यंतचं असतं. साइट उघडून दादाने लॅपटॉप माझ्याकडे फिरवला.

"बघ बे. इंग्रजी पान कसं चकाचक आहे. मराठीच का असं आजारी दिसायलंय?"

बघितलं. वर मोठ्या अक्षरांत शीर्षक: 'सोलापुरी चादर, थेट मागावरून'. प्रत्येक अक्षर शेजाऱ्याशी भांडण झाल्यासारखं वेगळं उभं. शिरोरेषेचे तुकडे तुकडे. 'सोलापुरी'तल्या 'री'ची वेलांटी वरून कापलेली आणि 'पु'चा उकार खालून. शीर्षकाखाली दादाने स्वतः टाइप केलेलं वर्णन होतं. त्याने चार परिच्छेद लिहिले होते, साइटवर मात्र एकच गाठोडं दिसत होतं.

कंपनीला फोन लावला. पलीकडचा मुलगा हुशार होता, नम्रही होता. म्हणाला, "सर, आमच्या स्टँडर्डमध्ये चाइल्ड सिलेक्टरला बंदी आहे. फक्त युटिलिटी क्लास. मराठी पानांवर प्रत्येक हेडिंगला वेगळे क्लास लावावे लागतील. तेवढ्या तासांचं बिल होईल. आणि वर्णनात परिच्छेद हवे असतील तर तुमच्या भावाला सांगा, प्रत्येक परिच्छेदाच्या टॅगला क्लास लावून टाइप करा म्हणावं."

दादाला! दादा गिऱ्हाइकाशी बोलता बोलता दोन बोटांनी मराठी टाइप करतो. त्याने परिच्छेदाच्या टॅगला क्लास लावायचा म्हणे.

त्या फोननंतर जे डोक्यात घुमतंय ते आज लिहून काढतोय. लेख थोडा तांत्रिक आहे, पण वेबशी थोडाफार संबंध असेल तर समजायला जड जाणार नाही. नसेल, तर निदान आपली लिपी पडद्यावर अशी फाटकी का दिसते एवढं तरी कळेल.

आधी दोन व्याख्या, मग भांडण

युटिलिटी क्लास म्हणजे एकच काम करणारा छोटा क्लास. एक अक्षर मोठं करतो, एक मजकूर मध्यभागी आणतो, एक आत चार मापं जागा सोडतो. पानावरच्या प्रत्येक वस्तूच्या गळ्यात अशा दहा-बारा पाट्या अडकवायच्या आणि वस्तू तशी दिसू लागते. वेगळी सीएसएस फाइल लिहायची गरज फारशी उरत नाही. अ‍ॅडम वॉदन यांनी २०१७ साली या पद्धतीची बाजू मांडणारा लेख लिहिला, त्याच वर्षी त्यांचं टेलविंड आलं आणि पुढे निम्मं जग त्यांच्या मागे गेलं.

चाइल्ड सिलेक्टर म्हणजे 'मोठं आहे' हे गणितातलं चिन्ह. 'लेख > परिच्छेद' असं लिहिलं, की लेख नावाच्या डब्याच्या थेट पोटातले सगळे परिच्छेद पकडले जातात. नातवंडं नाहीत, फक्त लेकरं. चिन्हाऐवजी नुसती मोकळी जागा सोडली तर तो डिसेंडंट सिलेक्टर होतो, आणि मग लेकरं, नातवंडं, पणतवंडं सगळी जाळ्यात येतात. एका चिन्हाचा फरक आहे, पण निम्मे घोळ त्यातूनच होतात.

तिसरी गोष्ट वारसा, म्हणजे इनहेरिटन्स. ही सिलेक्टरपेक्षा पूर्ण वेगळी आहे. बापाला रंग दिला तर लेकराला तो आपोआप मिळतो. फॉन्ट, ओळींमधलं अंतर, अक्षरांमधलं अंतर हेही वारशाने जातं. पण बॉर्डर, मार्जिन, पॅडिंग जात नाही. आणि वारसा फार गरीब स्वभावाचा असतो: लेकराला थेट लागू होणारा कुठलाही नियम, कितीही दुबळा असो, वारशाने आलेल्या किमतीला हरवतो.

हा शेवटचा मुद्दा लक्षात ठेवा. दादाचं शीर्षक तिथेच फाटलं.

युटिलिटीवाल्यांचं काय बरोबर आहे

प्रामाणिकपणे सांगायचं तर, बरंच काही.

आमच्या पिढीने सीएसएसमध्ये जे केलंय ते आठवलं की आजही कान गरम होतात. होकोन विउम ली यांनी १९९४च्या ऑक्टोबरमध्ये स्टाइलशीटचा प्रस्ताव मांडला, १९९६च्या डिसेंबरात पहिली आवृत्ती आली आणि मे १९९८च्या दुसऱ्या आवृत्तीत चाइल्ड सिलेक्टर आला. तत्त्व सुंदर होतं: मजकूर एकीकडे, रूप दुसरीकडे. २००३ साली डेव्ह शे यांची 'सीएसएस झेन गार्डन' आली. मजकुराला हात न लावता फक्त स्टाइलशीट बदलून तेच पान शेकडो रूपांत. आम्ही सगळे खुळावलो.

आणि मग कामावर जाऊन काय लिहिलं? 'साइडबार, त्यातली यादी, त्यातला घटक, त्यातली लिंक, तिचा रंग निळा'. सहा महिन्यांनी कुणीतरी साइडबारमध्ये बटण टाकलं, तेही निळं झालं. मग ते परतवायला आणखी लांब सिलेक्टर. मग 'इम्पॉर्टंट'. मग त्यावर दुसरा 'इम्पॉर्टंट'. फाइल हजारो ओळींची होते आणि एकही ओळ पुसायची कुणाची छाती होत नाही, कारण ती कुठल्या पानावर कुणाला धरून बसलीय हे कुणालाच ठाऊक नसतं. भाडेकरू गेला, मालक गेला, पण मीटर चालूच.

युटिलिटी क्लासने हा रोग बरा केला हे मान्य करायलाच हवं. वस्तू पुसली की तिची स्टाइलही पुसली जाते. नावं शोधत बसावं लागत नाही. नवा माणूस पहिल्याच दिवशी बिनधास्त हात घालू शकतो. बटण, कार्ड, मेनू, फॉर्म या गोष्टी आपण स्वतः लिहितो, त्यांचा प्रत्येक टॅग आपल्या हातात असतो. तिथे मीही युटिलिटी क्लासच वापरतो. मला जुनं ते सोनं म्हणायचं नाहीये.

माझा राग 'फक्त' या शब्दावर आहे. 'फक्त युटिलिटी, सिलेक्टरला बंदी.' औषध चांगलं आहे म्हणून जेवणाऐवजी तेच खायचं?

बंदी घालणारेच वापरतात

गंमत अशी, की ज्या टेलविंडच्या नावाने ही बंदी घातली जाते, ते स्वतःच चाइल्ड सिलेक्टरवर उभं आहे.

'स्पेस-वाय-४' हा क्लास सगळेच वापरतात. डब्याला लावला की आतल्या वस्तूंमध्ये सारखं अंतर पडतं. हा क्लास बसतो बापावर आणि मार्जिन देतो लेकरांना. पोटात काय आहे बघा: तिसऱ्या आवृत्तीत 'थेट लेकरं, त्यातली लपवलेली सोडून, पहिल्यानंतरची सगळी' असा सिलेक्टर होता. चौथ्या आवृत्तीत 'शेवटचं सोडून सगळी थेट लेकरं' असा आहे. काही असो, चाइल्ड सिलेक्टरच. (कल्पना जुनीच. हेडन पिकरिंग यांनी २०१४ साली 'तारा अधिक तारा' असा सिलेक्टर सुचवला होता आणि तो घुबडाच्या डोळ्यांसारखा दिसतो म्हणून त्याला घुबडाचं नाव दिलं होतं.) ओळींमध्ये रेघा मारणारा 'डिव्हाइड-वाय' क्लासही तसाच.

पुढे बघा. जून २०२२मध्ये ३.१ आवृत्तीत चौकटी कंसात कुठलाही सिलेक्टर लिहायची सोय आली. डिसेंबर २०२३मध्ये ३.४ आवृत्तीत 'सगळी थेट लेकरं' असं सांगणारा ताऱ्याचा उपसर्ग आला. आणि दादाच्या वर्णनासारख्या बाहेरून येणाऱ्या मजकुरासाठी तर २०२०पासून टेलविंडवाल्यांचंच 'प्रोझ' क्लास देणारं प्लगइन आहे. डब्याला एक क्लास लावा, आतले परिच्छेद, याद्या, शीर्षकं सगळी मार्गी लागतात. ते सिलेक्टरशिवाय चालूच शकत नाही.

म्हणजे ज्यांनी हत्यार बनवलं त्यांना कळतं, की काही कामं बापाकडूनच करून घ्यावी लागतात. बंदी घालतात ते त्यांचे अनुयायी. असंच असतं म्हणा. गुरूपेक्षा शिष्य जास्त कर्मठ.

मजकूर कोण लिहितं?

मग नियम काय? मी माझ्यापुरता एक प्रश्न ठरवलाय: हा टॅग कोण लिहितं?

टॅग मी लिहीत असेन तर पाटी त्याच्याच गळ्यात. युटिलिटी क्लास, वाद संपला.

टॅग दुसरं कुणी लिहीत असेल, म्हणजे दुकानदार डब्यात टाइप करतोय, संपादक लेख चिकटवतोय, मार्कडाउनमधून पान बनतंय, तर क्लास कुणाच्या गळ्यात घालणार? लेकरू अजून जन्मालाच आलेलं नाही. नियम बापाकडेच असायला हवा: 'वर्णन > परिच्छेद, यांच्यामध्ये एवढं अंतर'. टेलविंड पहिल्याच पावलात ब्राउझरची मूळ मार्जिनं पुसून टाकतं, यादीचे ठिपके काढतं, शीर्षकं साध्या मजकुराएवढी करतं. म्हणून दादाच्या चार परिच्छेदांचं गाठोडं झालं. परिच्छेद होते, चारही होते. त्यांना अंतर द्यायला वर कुणी नव्हतं.

आणि इथे मोकळ्या जागेऐवजी '>' हे चिन्ह का? कारण उद्या त्या वर्णनात कुणी 'विकत घ्या'चं कार्ड घालेल आणि त्या कार्डाच्या आतही परिच्छेद असतील. मोकळी जागा वापरली तर वर्णनाचे नियम कार्डाच्या आत घुसतील. '>' वापरलं तर उंबऱ्यावर थांबतील. २००६पूर्वी ही चैन नव्हती. इंटरनेट एक्सप्लोरर ६ला हे चिन्ह कळतच नसे, इतकं की त्याच्यापासून नियम लपवायचा असेल तर आम्ही मुद्दाम '>' वापरायचो. म्हणून त्या काळी प्रत्येक घटकाला क्लास लावावा लागे. आज ती लाचारी उरलेली नाही, तरी आपण तिला 'स्टँडर्ड' म्हणून मिरवतो.

आता खरी अडचण. सिलेक्टर आणि युटिलिटी एकत्र आले की मारामारी होते. 'कार्ड > परिच्छेद' या नियमात एक क्लास आणि एक टॅग असतो, म्हणून त्याचं वजन ०-१-१. परिच्छेदावरच्या 'टेक्स्ट-एसएम'चं वजन ०-१-०. म्हणजे बापाचा नियम जिंकतो आणि गळ्यातली पाटी नुसती लोंबकळत राहते. बिचारा मुलगा तासभर डोकं खाजवतो आणि ठरवतो की सिलेक्टर वाईट. त्याचं चुकलं असं मी म्हणत नाही. पण या दुखण्यावर औषध आलंय. २०२१पासून सगळ्या मुख्य ब्राउझरांत 'व्हेअर' आहे. सिलेक्टर त्याच्या कंसात घातला की वजन शून्य. मग बापाचं म्हणणं हा सल्ला होतो, आणि लेकराने स्वतः काही ठरवलं असेल तर लेकराचं चालतं. २०२२पासून 'लेयर' आहे. कुठला थर कुणाच्या वर हे एकदाच ठरवायचं आणि वजनाची भानगडच मिटवायची. एक खाच मात्र आहे. कुठल्याच थरात नसलेला नियम सगळ्या थरांना हरवतो. हे माहीत नसलं की पुन्हा तासभर डोकं खाजवणं आलं.

ज्या कारणासाठी बंदी घातली होती ते कारणच गेलं. बंदी तशीच.

मराठी ही वारशाची गोष्ट आहे

आता शीर्षकाकडे येऊ. माझा खरा राग इथे आहे.

त्या शीर्षकाच्या गळ्यात चार पाट्या होत्या: मोठं अक्षर, अक्षरांमध्ये जास्त अंतर, कॅपिटल आणि 'ट्रंकेट', म्हणजे मावेल तेवढं दाखव, बाकी काप. इंग्रजी पानावर चारही उत्तम दिसतात. मराठीत एकेक बघा.

अक्षरांमधलं अंतर: रोमन अक्षरं मुळात सुटी असतात, थोडी लांब केली तर ऐसपैस वाटतात. देवनागरीत शब्दाला धरून ठेवते ती शिरोरेषा. अंतर वाढवलं की ती तुटते, आणि शब्दाची सुटी अक्षरं होतात.

मोठं अक्षर: टेलविंडमध्ये 'टेक्स्ट-५एक्सएल' आणि त्यापुढच्या सगळ्या मापांना ओळीची उंची बरोब्बर १ असते, म्हणजे अक्षराच्या मापाएवढीच. रोमनला पुरते. आपल्याला वर वेलांटी, मात्रा, रफार आणि खाली उकार, ऋकार यांची जागा लागते. त्यात 'ट्रंकेट' बाहेर आलेलं कापून टाकतं. 'री'चं डोकं आणि 'पु'चे पाय तिथेच गेले.

कॅपिटल: देवनागरीत लहान-मोठी लिपी नाहीच, त्यामुळे ही पाटी काहीच करत नाही. निरुपद्रवी. पण इंग्रजी शीर्षकाचा सगळा रुबाब या पाटीवर होता, मराठीला त्याऐवजी काही दिलंच नाही. आणि खाली एका ओळीला तिरपं केलं होतं. देवनागरीच्या बहुतेक फॉन्टांना खरं तिरपं रूप नसतं, मग ब्राउझर सरळ अक्षरं ढकलून वाकवतो.

आता तो मुलगा म्हणतो, मराठी पानांवर प्रत्येक शीर्षकाला वेगळे क्लास लावू. बरं. कन्नड आणि तेलुगूचं काय? तिथे शिरोरेषा नाही, पण जोडाक्षराचा दुसरा व्यंजनभाग अक्षराच्या खाली लटकतो. त्यांना ओळीची उंची आणखी वेगळी लागेल. मग प्रत्येक शीर्षकाला चार भाषांसाठी चार संच? उद्या उर्दू आली तर पाचवा, आणि तोही उजवीकडून डावीकडे?

अहो, भाषा ही शीर्षकाची गोष्टच नाही! भाषा पानाची असते. फार तर त्या तुकड्याची असते. शीर्षकाला ती घरातून मिळते, जसं आपल्याला आडनाव मिळतं. एचटीएमएलमध्ये त्यासाठी 'लँग' आहे. पानाच्या सर्वांत वरच्या टॅगवर 'एमआर' लिहायचं, संपलं. आणि सीएसएसमध्ये १९९८पासून 'लँग' नावाचाच सिलेक्टर आहे. तो फक्त ज्या टॅगवर भाषा लिहिलीय त्यालाच पकडत नाही, त्याच्या आतल्या ज्या ज्या टॅगला ती भाषा वारशाने मिळालीय त्या सगळ्यांना पकडतो. इंग्रजी पानात मराठीचा एक तुकडा असला तरी तेवढाच धरतो.

मी दादाच्या साइटचा सोर्स उघडला. चारही भाषांच्या पानांवर सर्वांत वर काय लिहिलं होतं? 'इएन'. इंग्रजी. मराठी पान स्वतःला इंग्रजी म्हणवत होतं.

याचे परिणाम नुसते दिसण्यापुरते नाहीत. आंधळ्या माणसाचा स्क्रीन रीडर ते पान इंग्रजी आवाजात वाचायला बघणार. पानाची भाषा सांगणं ही सुगम्यतेच्या आंतरराष्ट्रीय निकषांतली सर्वांत खालची, म्हणजे किमान, पायरी आहे. आणि आपला पाकळीचा 'ल', देठाचा 'श'? युनिकोडमध्ये हिंदीचा आणि मराठीचा 'ल' एकच आहे. रूप कुठलं दाखवायचं हे फॉन्ट ठरवतो, आणि ज्या फॉन्टांत मराठी रूपं भरलेली आहेत ते 'लँग' बघूनच ठरवतात. राज्य शासनाने २००९ साली वर्णमालेच्या प्रमाणीकरणाचा निर्णय काढला, फॉन्ट बनवणाऱ्यांनी मेहनत करून मराठी रूपं आत घातली, आणि आपण वर 'इएन' लिहून ती कुलपात ठेवली. वर पुन्हा फेसबुकवर 'मराठीवर हिंदीचं आक्रमण' म्हणून पोस्ट टाकायला मोकळे.

हे काम कुठलाही युटिलिटी क्लास करू शकत नाही. सगळ्या पाट्या लावा, 'ल' बदलणार नाही.

बारा ओळी

शेवटी काय केलं? कंपनीकडून फाइल मागवली आणि दुपारची झोप गमावून बसलो. एकशे चाळीस शीर्षकांपैकी एकालाही हात लावला नाही.

पहिलं, प्रत्येक पानाची भाषा खरी लिहिली. दुसरं, वर्णनाच्या डब्याला 'थेट लेकरांमध्ये अंतर' असा नियम दिला, 'व्हेअर'च्या कंसात, म्हणजे तो कुणाशी भांडणार नाही.

तिसरं जरा मजेचं आहे. आधी म्हटलं तसं, नुसत्या वारशाने काम होत नव्हतं. पानाला ओळीची उंची १.६ दिली तरी शीर्षकाच्या गळ्यातली पाटी थेट १ म्हणते आणि वारसा हरतो. पण साइट टेलविंडच्या चौथ्या आवृत्तीवर होती. जानेवारी २०२५मध्ये आलेल्या या आवृत्तीत पाटीत आकडा नसतो, एका व्हेरिएबलचं नाव असतं. 'टेक्स्ट-५एक्सएल' म्हणतो, उंची किती ते वर विचारा. आणि व्हेरिएबल वारशाने जातात! मग 'लँग एमआर'साठी त्या व्हेरिएबलची किंमत १.५ केली, अक्षरांमधल्या अंतराच्या व्हेरिएबलची शून्य. कन्नड-तेलुगूसाठी उंची थोडी जास्त. मराठी पानात मध्येच येणाऱ्या इंग्रजी तुकड्यांसाठी मूळ किमती परत, नाहीतर तेही मराठीचा वारसा घेऊन बसतात. तिरप्याऐवजी ठळक. एकूण बारा ओळी.

पान ताजं केलं. 'सोलापुरी'ची शिरोरेषा सलग. वेलांटीला डोकं, उकाराला पाय. 'ल'ला पाकळी.

यात युटिलिटी हरली का? नाही. प्रत्येक शीर्षक अजूनही 'मी मोठं आहे' एवढंच सांगतंय, स्वतःच्या गळ्यातल्या पाटीने. मोठं म्हणजे मराठीत किती आणि कसं, हे घर सांगतंय.

दादाच्या दुकानात बसून हे करताना समोर चादरींचा ढीग होता. चादर कशी बनते ते सोलापुरात लहानपणापासून बघितलेलं असतं. सूत आधी रंगवून घेतात. लाल धागा मागावर यायच्या आधीच लाल असतो, तो त्याचा स्वतःचा गुण. पण तो मोराच्या पिसाऱ्यात जाणार की काठात, हे धाग्याला माहीत नसतं. ते वर जकार्ड ठरवतं. भोकं पाडलेल्या कार्डांची माळ, कुठला उभा धागा कधी उचलायचा ते सांगणारी. नक्षी बदलायची तर कार्डं बदलतात, सूत पुन्हा रंगवत बसत नाहीत. रंग धाग्यात, नक्षी वर. मागावर हे दोनशे वर्षांपूर्वी ठरून गेलंय. तिथे कुणी 'फक्त धाग्यातच सगळं' असं स्टँडर्ड काढलेलं ऐकलं नाही.

मग राग कशाचा?

राग त्या मुलाचा नाही. त्याला जे शिकवलं ते तो करतोय. राग आहे तो आपल्यासारख्यांचा, जे पुण्या-बंगळुरात बसून ही स्टँडर्डं लिहितात. आपण स्वतः घरी मराठी बोलतो, पण कामाची साइट इंग्रजीत तपासतो, सुंदर दिसली की टिक करतो. मराठी पान हे 'नंतर भाषांतर टाकू' या खात्यात. आणि मग नियम असे करतो की नंतर टाकलेली भाषा दुरुस्त करायला तासांचं बिल लागावं. ते बिल दुकानदार भरतो. नाही भरलं तर फाटकी शिरोरेषा तशीच राहते, आणि बघणाऱ्याच्या मनात हळूच बसतं की इंग्रजी म्हणजे नीटनेटकं आणि मराठी म्हणजे असंच, थोडं ओबडधोबड. यात दोष लिपीचा नव्हता. घरातून जे द्यायचं ते आपण दिलंच नव्हतं.

तेव्हा सोमवारी ऑफिसात गेल्यावर एवढंच करा. आपल्या साइटच्या मराठी पानाचा सोर्स उघडा आणि सर्वांत वर कुठली भाषा लिहिलीय ते बघा. एक मिनिट लागतं. 'इएन' दिसलं, तर युटिलिटी की सिलेक्टर हा वाद थोडा बाजूला ठेवा आणि आधी ती दोन अक्षरं बदला.

असो. दादाने कमिशन दिलं नाहीच. एक चादर दिली, मोराची. वर म्हणाला, "एवढं सोपं होतं तर त्या पोराने का नाही केलं बे?"

सोपं होतं, दादा. पण त्याला बंदी होती.